जशी भूक, तसे शिवार

२०२५-२६ साठी केंद्र सरकारने मालदांडी ज्वारीला क्विंटलमागे ३,७४९ रुपये हमीभाव जाहीर केला. गव्हाचा हमीभाव त्याच वर्षी २,४२५ रुपये होता. गरिबाचे धान्य म्हणून जिच्याकडे दोन पिढ्यांनी पाठ फिरवली, ती ज्वारी आज पुण्या-मुंबईच्या किराणा दुकानातही गव्हाहून महाग मिळते. तरीही महाराष्ट्राच्या शिवारातून ती आटत चालली आहे. १९८०-८१ मध्ये राज्यातली साठ लाख हेक्टरांहून अधिक जमीन ज्वारीखाली होती. आता त्यातला थोडाच भाग उरला आहे. मजूर मिळत नाहीत, पाऊस वेळेवर येत नाही, सोयाबीनला लगेच पैसा होतो, पाणी आले की ऊस परवडतो, ही कारणे नेहमी सांगितली जातात आणि ती खरी आहेत. पण त्यांच्या जोडीला आणखी एक कारण आहे आणि त्याची चर्चा फार कमी होते. आपल्याला रोज काय खावेसे वाटते, तेच बदलले आहे. माणसांची ही रोजची हाव, आवड, हौस ज्या दिशेने वळते तिकडे बाजार वळतो, आणि बाजारामागोमाग शेत, गोठा, चूल आणि सणवारही वळतात.

रब्बी ज्वारीचा मुलूख म्हणजे सोलापूर, अहिल्यानगर, बीड, धाराशिव, परभणीकडची काळी, खोल जमीन. पावसाळा सरताना पेरायचे, जमिनीत मुरलेल्या ओलीवर आणि थंडीवर पीक पोसायचे, शिमग्याच्या आगेमागे काढायचे. दाणा माणसाला, कडबा जनावराला. पाण्याची शाश्वती नसलेल्या या भागाने एकाच पिकात दोघांच्या पोटाची सोय लावली होती. स्वातंत्र्यापूर्वी सोलापूर जिल्ह्यातल्या मोहोळच्या संशोधन केंद्रात स्थानिक मालदांडीतून ‘मालदांडी ३५-१’ हे वाण निवडले गेले. त्यानंतर जास्त उतारा देणारी कितीतरी वाणे आली, पण शेतकरी आजही मालदांडी पेरतात, कारण तिची भाकरी गोड लागते आणि तिचा कडबा जनावरे आवडीने खातात. खाणाऱ्याच्या जिभेने एक वाण इतकी वर्षे शेतात टिकवून धरले, याहून मोठा पुरावा कोणता हवा?

सोलापूर जिल्ह्यातल्याच मंगळवेढ्याला ज्वारीचे कोठार म्हणतात. तिथल्या ज्वारीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. बहमनी राजवटीत दुष्काळ पडला तेव्हा सरकारी कोठारे भुकेल्यांसाठी खुली करणाऱ्या दामाजीपंतांची कथा याच गावची. दामाजीसाठी विठोबाने स्वतः जाऊन बादशहाची भरपाई केली, असे ती कथा सांगते. भरलेले कोठार आणि उपाशी माणूस समोरासमोर आले तर माणसाची बाजू घ्यायची, हे मूल्य मराठी मनाने एका धान्याच्या गावाशी बांधून ठेवले. पिकाभोवती संस्कृती उभी राहते ती अशी.

मग हे धान्य ताटातून उठले कसे? गव्हाची चपाती मऊ, पांढरट, नाजूक. पुरणपोळी सणाची, गव्हाची खीर पाहुण्यांची, आणि रोजची भाकरी मात्र घरच्यांची, अशी वाटणी पिढ्यानपिढ्या होती. ज्यांच्या घरी गहू फक्त सणाला शिजत होता त्यांना तो रोज मिळू लागला, तेव्हा रोजच सण आल्यासारखे वाटले. त्यात गैर काही नव्हते. दुसरीकडे ज्वारीच्या वाट्याला अपमान येत गेला. १९६४ साली सीएसएच-१ हे पहिले संकरित वाण आले आणि उत्पादन वाढले, पण पावसात सापडलेली खरीप हायब्रीड काळी पडायची आणि तिच्या भाकरीला चव नसायची. १९७२ च्या दुष्काळात रेशनवर मिलो ही परदेशी लाल ज्वारी आली, दुष्काळी खडीकामावर मजुरांच्या वाट्याला सुकडी आली. त्या काळात पोट भरले, जीव वाचले. पण भरड धान्य म्हणजे हलाखी, ही गाठ मनात पक्की बसली. हाती चार पैसे येताच माणसाने पहिल्यांदा ताटातली ती हलाखी काढून टाकली.

दुसरे कारण दाण्यातच आहे. गव्हात ग्लुटेन असते. त्यामुळे त्याची कणीक ताणली जाते, लाटली जाते, फुगते. पाव, बिस्कीट, नूडल्स, पिझ्झा, सामोसा हे सगळे या एका गुणावर उभे आहे. ज्वारीत ग्लुटेन नाही. तिचे पीठ ताजे लागते. शिळ्या पिठाची भाकरी थापतानाच चिरते. कडकडीत पाणी घालून पीठ मळायचे, तळव्याने परातीत गोल फिरवत थापायचे, न मोडता उचलून तव्यावर टाकायची, वरून पाण्याचा हात फिरवायचा, पाणी सुकायच्या आत उलटायची आणि मग विस्तवावर टम्म फुगवायची. हे सगळे जमायला वर्षे लागतात. भाकरीचा पापुद्रा सुटतो तो हाताच्या अंदाजावर. आपले जेवण जसजसे घराबाहेर गेले, डब्यात, कँटीनमध्ये, गाड्यावर, पाकिटात गेले, तसतसे तिथे टिकणारे आणि यंत्रातून निघणारे धान्य पुढे आले आणि हाताशिवाय न होणारे मागे पडले. स्पर्धा परीक्षेसाठी लातूर-बीडहून पुण्यात आलेल्या मुलामुलींच्या मेसमध्ये पाहा. चपाती रोज असते, भाकरी आठवड्यातून एखाद्या दिवशी. ज्या मातीत ज्वारी पिकते तिथली लेकरे अशी गव्हावर वाढतात आणि त्यांच्या जिभेला ज्वारीची सवयच लागत नाही.

तिसरे कारण सरकारी आहे. २०१३ च्या अन्न सुरक्षा कायद्यात तांदूळ तीन रुपये, गहू दोन रुपये आणि भरड धान्य एक रुपया किलो असे दर होते. जानेवारी २०२३ पासून हे धान्य मोफत झाले. कायद्यात भरड धान्याची जागा पहिल्यापासून आहे, पण रेशनच्या दुकानात बहुतेक काळ गहू आणि तांदूळच आला. कोट्यवधी घरांत महिन्याला जे पोते उघडते, त्यातूनच त्या घरातल्या मुलांची चव घडते. म्हणून आवडनिवड हा ज्याचा त्याचा खासगी मामला आहे, असे म्हणून हात झटकता येणार नाहीत. सरकार, बाजार आणि घर हे तिघे मिळून आपली भूक घडवतात.

भूक बदलली की शिवारात काय होते, ते पाखरांना विचारावे. पूर्वी चहूकडे ज्वारीच उभी असायची. पाखरांचे थवे सगळ्या शिवारात विखुरले जायचे आणि प्रत्येकाचे थोडेसेच जायचे. माळ्यावर उभे राहून गोफण फिरवत राखण करणारे पोर घरोघर असायचे. आता सभोवार सोयाबीन, हरभरा आणि ऊस असतो आणि मधेच कुणा एकाचे एकरभर ज्वारीचे रान. सगळी पाखरे तिथेच उतरतात. राखणीला मजूर मिळत नाही, पोर शाळेत आहे. कणसे रिकामी झाली की पुढच्या वर्षी तो शेतकरीही ज्वारी सोडतो. मनात असूनही एकट्याला ज्वारी पिकवता येत नाही, कारण हे पीक शेजाऱ्याच्या सोबतीने टिकते.

ज्वारी गेली की कडबा जातो. कडबा महागला की गोठ्यातले एखादे जनावर कमी होते. मार्गशीर्षात लातूर-धाराशिवकडे वेळा अमावस्या येते. गावे ओस पडतात, माणसे शेतात जातात, कडब्याच्या पेंढ्यांची कोप उभारून पूजा मांडतात आणि भज्जी, उंडे, ताकातली आंबील एकमेकांना आग्रहाने वाढतात. ज्याच्या रानात ज्वारीच नाही त्याला कोपीसाठी पेंढ्या मागून आणाव्या लागतात. सण अजून होतो, उत्साहाने होतो. पण त्याचे साहित्य ज्या मातीतून यायचे त्या मातीत ते उरत नाही. असे सण काही पिढ्या आठवणीवर चालतात, पुढे मंडपवाल्याच्या साहित्यावर चालू लागतात.

या सगळ्याकडे हळहळीने पाहून भागणार नाही. जुन्या ताटात अन्याय होता. गावकीची कामे करून मोबदल्यात भाकरीचे शिळे तुकडे मागून आणावे लागणाऱ्या माणसांच्या पुढच्या पिढ्यांनी ती भाकरी नाकारली, तर त्यांना संस्कृतीचे धडे देण्याचा कुणाला अधिकार नाही. शाहू पाटोळे यांनी २०१५ मध्ये ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ लिहिले आणि मराठवाड्यातल्या दलितांचे खाणे मराठी वाचकांपुढे मांडले. मराठी खाद्यसंस्कृती म्हणून जे मिरवले जाते त्यात किती जणांची ताटे धरलेलीच नव्हती, हे त्या पुस्तकाने दाखवले. चुलीपुढे बसून घरातल्या दहा जणांना गरम भाकरी करून घालणारी बाई शेवटी जेवायची, हेही विसरता कामा नये. जात्यावर दळताना बायकांनी रचलेल्या एक लाखाहून अधिक ओव्या हेमा राईरकर आणि गी पॉइत्वाँ यांच्या प्रकल्पात गोळा झाल्या. पिठाची गिरणी आली तसे जाते थांबले आणि त्याबरोबर ओवीही थांबली. म्हणून कुणी बाईने पहाटे उठून पुन्हा जात्याला जुंपून घ्यावे काय? मुळीच नाही. काही गोष्टी जाणूनबुजून सोडून द्याव्यात आणि त्यांची नोंद प्रेमाने जपावी.

ज्वारीची गोष्ट वेगळी आहे. कमी पाण्यावर येणारे, माणसाला आणि जनावराला पुरणारे हे पीक हवामान बिघडत असताना अधिक उपयोगाचे ठरणार आहे. ते सोडण्यात कुणाची मुक्ती नाही. सोडायचे आहेत ते त्याला चिकटलेले कष्ट आणि कमीपणा, आणि हे करता येते, याचे दाखले समोर आहेत. सोलापूरच्या कडक भाकरीकडे पाहा. पातळ थापून कडक वाळवलेली ज्वारीची भाकरी कितीतरी दिवस टिकते आणि शेंगाचटणीच्या पुडीबरोबर दूरदूर जाते. बचत गटांतल्या आणि घरगुती उद्योगांतल्या बायका ती करतात, विकतात आणि त्याचे पैसे त्यांच्या हाती येतात. घरात ज्या कसबाला कुणी मोल दिले नाही, त्याला बाजाराने किंमत दिली. हुरड्याचेही तसेच. डिसेंबर-जानेवारीत शहरातली माणसे तिकीट काढून शेतावर जातात, गोवऱ्यांच्या आगटीत भाजलेले कणीस तळहातावर चोळून निघालेले कोवळे दाणे गूळ-चटणीबरोबर खातात. या हौसेसाठी सुरती, गुळभेंडी ही हुरड्याची वाणे शेतकरी मुद्दाम पेरतात. एका चवीच्या ओढीने वाण वाचते, ते असे. हौसेत ताकद असते. तिला तुच्छ लेखू नये.

पण हुरडा वर्षातून एकदा. भारताच्या प्रस्तावावरून संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे भरड धान्यांचे आंतरराष्ट्रीय वर्ष जाहीर केले, भरड धान्याला ‘श्री अन्न’ असे नाव मिळाले, महोत्सव झाले, पंचतारांकित थाळ्या सजल्या, महागडी पाकिटे आली. एका वर्षाच्या गौरवाने पीक परतत नाही. त्याला रोजची मागणी लागते, ठरलेल्या जागी, ठरलेल्या भावाने. आणि रोजची मागणी उभी करू शकतील अशी ताटे या राज्यात लाखांनी आहेत. शाळेतला पोषण आहार, आश्रमशाळा, वसतिगृहे, सरकारी रुग्णालये, एसटीच्या थांब्यांवरची उपाहारगृहे, कारखान्यांची कँटीन, अंगणवाड्या. सोलापूर, बीड, धाराशिवच्या शाळांत आठवड्यातून तीन दिवस त्याच तालुक्यात पिकलेल्या ज्वारीचे जेवण द्यावे. त्यासाठीची ज्वारी हमीभावाने तिथेच खरेदी करावी. भाकरी करण्याचे काम बचत गटांना योग्य मजुरीवर द्यावे आणि थापण्याची, भाजण्याची यंत्रे त्यांना मिळावीत. त्या जिल्ह्यांतल्या रेशनवर गव्हाबरोबर ज्वारी निवडण्याची सोय कायमची असावी. कायदा आडवा येत नाही. हवी ती इच्छा आणि खरेदीची नीट व्यवस्था.

घरातही एक काम आहे. भाकरी थापणे हे पुरुषांनी शिकावे. आईच्या हातच्या भाकरीची आठवण काढणाऱ्या मुलाला ती स्वतः थापता आली तरच ती भाकरी पुढच्या पिढीच्या ताटात जाईल. ज्या कसबाचा सगळा भार एकीवर असतो ते तिच्याबरोबरच संपते. घरातल्या सगळ्यांनी वाटून घेतलेले कसब टिकते.

मराठी संस्कृती जपण्याची भाषा आपल्याकडे रोज कानावर पडते. ती पाट्यांवर आहे, मिरवणुकांत आहे, घोषणांत आहे. त्या सगळ्यापेक्षा आपण बाजारात पिशवीत काय भरतो आणि मुलांच्या डब्यात काय देतो, याचा परिणाम खोलवर होतो. त्यावरच पुढच्या हंगामात कुठल्या रानात काय उभे राहील, कुठल्या गोठ्यात बैल असेल, कुठल्या बाईच्या हाताला दाम मिळेल हे ठरते. आपली भूक ही सार्वजनिक गोष्ट आहे. शाळांच्या, वसतिगृहांच्या, रेशनच्या खरेदीत ज्वारीला हक्काची जागा मिळावी, अशी मागणी ग्रामसभेत, शाळा व्यवस्थापन समितीत आणि आमदारांपुढे आता मांडलीच पाहिजे.