फिल्लम कुणाच्या बापाची?

दोस्तहो, आपल्यावर पाळत ठेवायला कॅमेरा यायची वाट कुणी पाहिली नाही. १८७१ पासून इंग्रजानं कायदे करून जमातीच्या जमाती जन्मानंच गुन्हेगार ठरवल्या. रोज हजेरी, आणि सोलापुरात तारेच्या कुंपणातली सेटलमेंट. १९५२ ला कायदा गेला, नजर नाही गेली. आता ती खांबावर चढून बसलीय.

'कर नाही त्याला डर कशाला?' असं विचारणारे पांढरपेशे आपल्या खिडक्यांना पडदे कशाला लावतात? २०१७ साली सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खाजगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. दहा बाय दहाच्या खोलीत आठ जण झोपणाऱ्यांनी हा हक्क ठेवायचा कुठं?

लंडनमध्ये एका बाईनं स्वतःचा कॅमेरा न लावता सिनेमा काढला. मनू लुक्श. नाव मनू, पण काम मनूच्या उलटं. तिथल्या १९९८ च्या कायद्यानं माणसाला स्वतःबद्दलची नोंद मागता यायची. बाई सीसीटीव्हीपुढं उभी राहिली, कॅमेऱ्यांच्या मालकांना अर्ज धाडले, फी भरली, चित्रण मिळवलं. त्यात इतरांचे चेहरे झाकलेले. तिनं त्यातूनच बिनचेहऱ्यांच्या शहराची गोष्ट रचली. एक बाई सकाळी उठते तर तिला चेहरा आलेला, आणि ती हादरते! सिनेमा 'फेसलेस', २००७. पाळतीच्याच रिळांतून पाळतीला जाब.

आणि आपल्याकडं? डिसेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं बजावलं: प्रत्येक पोलीस ठाण्यात, लॉकअपमध्ये, व्हरांड्यात कॅमेरे लावा, चित्रण जपून ठेवा. २०२५ मध्ये त्याच न्यायालयाला ठाण्यांतल्या बंद कॅमेऱ्यांची आपणहून दखल घ्यावी लागली. म्हणजे चौकात आपण चहा पितो ते दिसतं, कोठडीत आपली हाडं मोडतात ते दिसत नाही! डोळा कुठं उघडायचा नि कुठं मिटायचा हे ठरवतो, तोच या फिल्लमचा दिग्दर्शक.

नागराज मंजुळेंच्या 'फँड्री'त शेवटी जब्या दगड भिरकावतो, तो थेट पडद्यातून आपल्या अंगावर येतो. तसाच दगड आता अर्ज होऊन ठाण्याच्या टेबलावर पडला पाहिजे. कोठडीत माणूस मेला की त्याच दिवशी चित्रण मागा, पुसायच्या आत मागा. नाही दिलं तर कोर्टात जा, रस्त्यावर या.

आजवर त्यांच्या फिल्लममध्ये आपण फक्त आरोपी. आता कात्री आपल्या हातात घ्या!