तडजोडीची हमी मोडली तर

परस्परसंमतीच्या घटस्फोटाच्या पहिल्या अर्जावर नवरा-बायको दोघांच्या सह्या होतात. स्त्रीधन परत दिलं जातं, मुलगी रविवारी कुणाकडे हेही ठरतं. सहा महिन्यांनी दुसऱ्या अर्जाच्या तारखेला एक जण फिरकतच नाही.

हुकूमनामा होईपर्यंत संमती मागे घेता येते, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये सांगितलं. दिल्ली उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये पुढचा पेच सोडवला: संमतीची सक्ती नाही, पण न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडली तर तो अवमान. योग्यच झालं. एरवी रक्कम खिशात घालून पाठ फिरवणाऱ्याचं फावतं.

पण शिक्षा फार तर सहा महिने साधी कैद, दोन हजार रुपये दंड. त्यातून मुलीची हुकलेली भेट भरून निघत नाही. म्हणून अवमानाची नोटीस काढण्याआधी दोघांना पुन्हा एकदा समुपदेशकासमोर बसवायलाच हवं.