चूळ, पेस्ट आणि माउथवॉश : आधी काय, नंतर काय



आजचा विषय स्वयंपाकघरातला नाही, वॉशबेसिनवरचा आहे. विषय लहान वाटेल, पण त्यापायी माझी एक दाढ गेली आणि आणखी दोन दात भरून घ्यावे लागले, म्हणून लिहिते आहे.

चार वर्षांपूर्वी माझी दाढ काढली, तेव्हा डॉक्टरांनी क्लोरहेक्झिडिनचा औषधी माउथवॉश लिहून दिला होता. दिवसातून दोनदा, दहा मिलिलिटर, मिनिटभर तोंडात फिरवून थुंकायचा आणि दोन आठवड्यांनी बंद करायचा. दोन आठवडे झाले. तोंड छान स्वच्छ वाटत होतं, म्हणून मी दुसरी बाटली आणली, मग तिसरी. आणि आमच्याकडे आमटी खारट होऊ लागली. हे काही बोलले नाहीत, फक्त भातावर तूप जास्त घेऊ लागले. शेवटी सूनबाईनं विचारलं, "आई, चव न बघताच मीठ घालता का हो?" मी चव बघूनच घालत होते. मलाच मीठ लागत नव्हतं! हे औषध जास्त दिवस वापरलं की चव बदलते, मिठाची तर विशेष, आणि दातांवर तपकिरी डाग पडतात. माझ्या दातांवर तेही पडले होते.

ती बाटली मी टाकून दिली. पण सवय लागलेली, म्हणून दुकानातून साधा निळा माउथवॉश आणला. सकाळी आणि संध्याकाळी दात घासायचे, भरपूर पाण्यानं चुळा भरायच्या आणि वर माउथवॉश. पूजेनंतर आरती करावी तसा हा शेवटचा विधी, असं मला वाटायचं. दीड वर्षानं हिरडीलगत दोन दात किडलेले निघाले. मी डॉक्टरांना म्हटलं, "अहो, मी तर इतकी काळजी घेते!" त्यांनी माझा क्रम विचारला आणि म्हणाले, "ताई, तुम्ही पैसे बँकेत भरता आणि दाराबाहेर पडायच्या आत काढून घेता."

मी बी.कॉम. झालेली बाई, घरचा जमाखर्च आजही वहीत लिहिते. हे मला लगेच कळलं. नेहमीच्या फ्लोराइडच्या पेस्टमध्ये दहा लाख भागांत साधारण १००० ते १५०० भाग फ्लोराइड असतं. रोजच्या वापराच्या फ्लोराइड माउथवॉशमध्ये ते सव्वादोनशेच्या आसपास असतं, आणि काही माउथवॉशमध्ये मुळीच नसतं. दात घासल्यावर पेस्टचा जो पातळ थर दातांवर राहतो, तोच पुढे काम करतो. तो पाण्यानं धुतला, वर माउथवॉशनं खळखळला, म्हणजे मोठी ठेव मोडून लहान ठेव ठेवली. डॉक्टरांनी असंही सांगितलं की केवळ यामुळेच कीड लागली असं नाही. साठीनंतर हिरड्या खाली सरकतात, मुळं उघडी पडतात, मुळांवर कठीण आवरण नसतं, म्हणून ती लवकर किडतात. पण ज्या वयात संरक्षणाची जास्त गरज, त्याच वयात मी ते रोज दोनदा धुऊन टाकत होते.

म्हणून माझं मत असं झालं आहे की माउथवॉशचा प्रश्न 'कोणता' यापेक्षा 'कधी' हा आहे. दात घासल्यावर फेस थुंकावा आणि थांबावं. चूळही नको. पहिले आठ दिवस तोंडात पेस्ट राहिल्यासारखं वाटतं, मग सवय होते. माउथवॉश वापरायचाच असेल तर दुपारच्या जेवणानंतर वापरावा आणि पुढे अर्धा तास काही खाऊ-पिऊ नये. क्लोरहेक्झिडिन दिलं असेल तर त्याच्यात आणि पेस्टमध्ये किमान अर्धा तास जाऊ द्यावा, कारण पेस्टमधल्या फेस आणणाऱ्या द्रव्यानं त्याचा जोर कमी होतो. आणि डॉक्टर थांबा म्हणतील तेव्हा थांबावं. मी थांबले नाही, त्याचं काय झालं ते वर लिहिलंच आहे.

आता आपल्या घरांचा खास प्रश्न. ज्यांचा सूर्यास्तानंतर चारही आहारांचा त्याग आहे, त्यांनी रात्री दात कधी घासायचे? आपल्यातल्या कितीतरी जणी यामुळे संध्याकाळचं दात घासणंच सोडून देतात. जेवण झालं, दोन चुळा भरल्या, संपलं. मला वाटतं, इथं आपल्या नियमाची खरी सोय आपल्याच लक्षात येत नाही. डॉक्टर सांगतात, झोपण्यापूर्वी दात घासा आणि नंतर काही खाऊ नका. आपण तर दिवस मावळल्यापासून सकाळपर्यंत काहीच घेत नाही! जेवण थोडं आधी उरकावं, पाणी पिऊन घ्यावं आणि सूर्यास्ताच्या आत दोन मिनिटं दात घासून फेस थुंकावा. पेस्टला रात्रभर काम करायला एवढा वेळ दुसऱ्या कुणाच्या घरात मिळतो? तिथं माउथवॉशची गरजच उरत नाही. सूर्यास्तानंतर माउथवॉश चालतो का, ही चर्चा मी बस्तीत बरीच ऐकली आहे. ज्यांच्याकडून नियम घेतला त्यांना विचारावं. पण दिवसाउजेडी नीट घासलं तर तो प्रश्न पडतच नाही.

एका काकूंनी मला टोकलं होतं, "मुनिमहाराजांच्या अठ्ठावीस मूलगुणांत अदंतधावन आहे. ते दात घासतच नाहीत. तू कसलं माउथवॉशचं पुराण सांगतेस?" काकू, त्याच अठ्ठावीस गुणांत एकभुक्तही आहे. दिवसातून एकदा, उभ्यानं, ओंजळीत मिळेल तेवढा आहार. आपण सकाळचा चहा, दहाला बिस्किट, चारला परत चहा, मध्ये प्रसादाची साखर. दर वेळी गोड तोंडात गेलं की दातांवरचे जंतू आम्ल तयार करतात. त्यागींचा एक गुण उचलायचा आणि बाकीचे सत्तावीस सोडायचे, हा हिशेब माझ्या वहीत जुळत नाही.

दुसरी गोष्ट उपवासाची, आणि ती जरा मनाला लागणारी आहे. दशलक्षण पर्वात आमच्या स्वाध्यायाला एक ताई मागच्या भिंतीशी बसायच्या आणि बोलताना तोंडावर पदर धरायच्या. वास येतो म्हणून. मग माउथवॉशची लहान बाटली पर्समध्ये ठेवू लागल्या. उपवासात लाळ कमी सुटते, तोंड कोरडं पडतं आणि वास येतो. त्यात लाज कसली? तो तर तपाचा भाग. पण त्यांचा वास पर्व संपल्यावरही जाईना, घासताना रक्तही येई. तो हिरड्यांचा आजार होता. बाटलीनं तो दोन वर्षं झाकून ठेवला. वास रोज लपवावा लागत असेल, तर दुकानात नाही, डॉक्टरांकडे जायचं. बऱ्याच वेळा तर जीभ नीट घासली तरी निम्मा वास जातो, आणि जिभली आपल्या आजीच्या काळापासून घरात आहेच.

बाटली घेताना लेबल वाचा. काही माउथवॉशमध्ये अल्कोहोल असतं. मद्याचा त्याग असलेल्या घरात ते नकळत बेसिनवर येऊन बसतं. बिनअल्कोहोलचे सहज मिळतात, आणि कोरड्या तोंडाला तेच बरे. सहा वर्षांच्या आतल्या मुलांना माउथवॉश देऊ नये, ती गिळतात. माझा पाच वर्षांचा नातू माझं बघून झाकण भरून उभा राहिला होता, तेव्हा माझा जीव खाली-वर झाला.

त्या दिवशी मी बाटली ब्रशच्या शेजारून उचलली आणि वरच्या फळीवर ठेवली, नातवाचा हात पोचणार नाही अशी. दुपारी जेवल्यावर आठवलं तर घेते, नाहीतर साध्या पाण्याची चूळ भरते. आमटीचं मीठ आता बरोबर असतं. तुमच्या बेसिनवर ती बाटली ब्रशला चिकटून उभी असेल, तर आज तेवढी तिची जागा बदला.