हुकूमनामा झाला, नांव केव्हां लागणार?

फैजपूर हें रावेर व यावल या दोन तालुक्यांच्या प्रांताचें ठाणें. केळीच्या या पट्ट्यांत पीककर्ज, विमा, नुकसानभरपाई आणि व्यापाऱ्याकडील पत हीं सर्व सातबाऱ्यावरील नांवावर उभीं असतात. अशा मुलखांत बाप वारल्यावर वारसाचें नांव उताऱ्यावर न चढणें म्हणजे जिवंत माणसानें मृताच्या नांवावर संसार करणें होय.

बिनतक्रार वारसाची वाट कायद्यानें सोपी केली आहे. १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १४९ प्रमाणें वारसानें तीन महिन्यांच्या आंत वर्दी द्यावयाची. कलम १५० प्रमाणें फेरफार होऊन, हितसंबंधियांस नोटीस जाऊन, नोंद प्रमाणित व्हावयाची. तरीही १ एप्रिल २०२५ पासून सरकारास ‘जिवंत सातबारा’ ही मोहीम राज्यभर काढावी लागली. मृतांच्या नांवावरील जमीन थोडीथोडकी नव्हती, हें त्यावरूनच उघड होतें.

परंतु आमचें आजचें म्हणणें तंट्याच्या वारशाविषयीं आहे. एकत्र कुटुंबाच्या मिळकतींत मुलीस वाटा देण्याचें पाऊल महाराष्ट्रानें १९९४ सालीं, आधीं लग्न झालेल्या मुली वगळून, टाकलें. २००५ सालीं संसदेनें तें पुरें केलें. आणि बाप २००५ पूर्वीं वारला एवढ्यानें हक्क बुडत नाहीं, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयानें २०२० सालीं दिला. बहीण दावा लावते, वर्षानुवर्षें खेटे घालते आणि जिंकते. पुढें काय?

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणें सारा भरणाऱ्या जमिनीचें प्रत्यक्ष वाटप न्यायालय करीत नाहीं; तें काम जिल्हाधिकाऱ्याकडे जातें. तेथून तहसील, तेथून मोजणी, मग हरकती, ताबा व शेवटीं फेरफार. न्यायालय म्हणतें, कागद पाठविले. कचेरी म्हणते, मोजणी यावयाची आहे. आणि हरलेला पक्ष मध्यंतरीं पीक घेत राहतो. हिंदुस्थानांतील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, असें प्रिव्ही कौन्सिलनें १८७२ सालीं म्हटलें होतें. दरखास्ती सहा महिन्यांत निकालांत काढा, असें सर्वोच्च न्यायालयानें २०२१ सालीं व पुन्हां मार्च २०२५ मध्यें बजावलें; तरी त्याच वर्षाच्या ऑक्टोबरांत देशांत ८ लक्ष ८२ हजारांवर दरखास्ती पडून असल्याचें त्याच न्यायालयापुढें आलें.

महसुली अधिकारी म्हणतात, फेरफारानें मालकी येत नाहीं, मग एवढी घाई कशास? मालकी येत नाहीं हें खरें, आणि म्हणूनच आम्ही विचारतों: जो मालकी ठरवूं शकत नाहीं, त्यानें न्यायालयानें ठरविलेली मालकी अडवून कां धरावी? हुकूमनाम्याचा अंमल करणें हें त्याचें काम. त्याचा फेरविचार करणें नव्हे. शिवाय कलम १५७ प्रमाणें उताऱ्यावरील नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी धरली जाते. तेव्हां जुनी नोंद जितके दिवस राहते, तितके दिवस हरलेल्याच्या हातीं कायद्याचेंच शस्त्र राहतें.

उपाय नव्या कायद्याचा नाहीं. हुकूमनामा जिल्हाधिकाऱ्याकडे पाठवितांना न्यायालयानें अहवालाची तारीख नेमावी, आणि नवा उतारा दाखल झाल्यावांचून प्रकरण बंद करूं नये. प्रांत कचेरीनें अशा वाटपांची यादी दरमहा फलकावर लावावी. म्हणजे कोणतें प्रकरण कोणत्या टेबलावर निजलें आहे हें सर्वांस दिसेल.

व्यापारी वाचकांसही एक सूचना. दावा चालू असतां घेतलेली जमीन १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ प्रमाणें निकालास बांधलेली असते. तेव्हां केवळ जुना उतारा पाहून पैसे मोजूं नयेत. घरांत बहिणी किती, दावा आहे काय, हें आधीं विचारावें.

डिसेंबर १९३६ मध्यें काँग्रेसचें खेड्यांतील पहिलें अधिवेशन याच फैजपुरास पंडित नेहरूंच्या अध्यक्षतेखालीं भरलें, व शेतकऱ्यांच्या हक्कांचा कार्यक्रम तेथें मंजूर झाला. हक्क मंजूर करणें आणि तो पदरांत घालणें यांतील अंतर त्या गांवानें तरी ओळखावें. ज्या वारसाचा वाटा न्यायालयानें मान्य केला, त्याचें वा तिचें नांव उताऱ्यावर चढेपर्यंत न्याय झाला, असें आम्ही म्हणणार नाहीं.