झोपडी, कर्ज आणि कोठार



अमेरिकेच्या अध्यक्षाची निवडणूक म्हटली की आपल्याला वाटते, हा साता समुद्रापलीकडचा मामला, त्याचे आपल्याला काय? पण या निवडणुकीचा दिवसच मुळी शेतकऱ्याची सवड पाहून ठरलेला आहे. दर चार वर्षांनी नोव्हेंबर महिन्यात, पहिल्या सोमवारनंतर येणाऱ्या मंगळवारी तिथे मतदान होते. हा नियम १८४५ सालच्या कायद्याने झाला. त्या काळी तिथली बहुतेक माणसे शेतीवर जगत होती. नोव्हेंबरात सुगी उरकलेली असते आणि बर्फाने रस्ते अजून बंद पडलेले नसतात. रविवार देवाच्या प्रार्थनेचा. मतदान ठाण्याच्या गावी; तिथवर घोडागाडीने जायचे तर सोमवार वाटेतच जायचा. बऱ्याच ठिकाणी बुधवारी बाजार. उरला मंगळवार! आज अमेरिकेत शेतीवर राहणारी माणसे शंभरात एखाद-दोनच उरली आहेत, पण मंगळवार मात्र कायम आहे.

दिवस शेतकऱ्याच्या सोयीचा, हे खरे. पण शेतकऱ्याचे मत त्याच्या उपयोगी पडले का? याचे उत्तर तीन निवडणुकांत सापडते. पहिलीत शेतकऱ्याची झोपडी मिरवली गेली, दुसरीत त्याचे कर्ज बोलले गेले, आणि तिसरीत त्याच्या धान्याच्या कोठाराने निकाल फिरवायला हातभार लावला.

आधी एक गोष्ट ध्यानात घ्या. तिथे सगळ्या देशाची मते एकत्र मोजून अध्यक्ष ठरत नाही. प्रत्येक राज्याच्या वाट्याला लोकसंख्येच्या मानाने काही ठरावीक मते असतात. त्यांना आपण राज्यमते म्हणू. बहुतेक राज्यांत जो उमेदवार पुढे, त्याच्या पदरात त्या राज्याची सगळी राज्यमते पडतात. म्हणून एखाद्या राज्यातले थोडेसे शेतकरी इकडचे तिकडे झाले, तरी पारडे फिरू शकते.

झोपडीचे सोंग

साल १८४०. अध्यक्ष होते मार्टिन व्हॅन ब्यूरन. १८३७ सालापासून बँका बुडाल्या होत्या, मालाला उठाव नव्हता, लोक गांजले होते. त्यांच्याविरुद्ध व्हिग पक्षाने विल्यम हेन्री हॅरिसन हे जुने सेनापती उभे केले. वय ६७. विरोधी बाजूच्या एका वर्तमानपत्राने टिंगल केली की, या म्हाताऱ्याला थोडे पेन्शन आणि पिंपभर सफरचंदाची दारू द्या, म्हणजे तो ओंडक्यांच्या झोपडीत स्वस्थ पडून राहील.

झाले! व्हिग पुढाऱ्यांनी ही टिंगलच उचलून धरली. आमचा उमेदवार झोपडीतला, गरिबांचा, असा डंका सुरू झाला. गाड्यांवर झोपड्या उभारून मिरवणुका निघाल्या. दारूची पिंपे फुटली, गाणी रचली गेली. माणसाच्या उंचीपेक्षा मोठे चेंडू, त्यांवर घोषणा लिहून, एका गावातून दुसऱ्या गावात लोटत नेले गेले. गावोगाव जत्राच भरली म्हणा ना.

आता खरे काय ते ऐका. हॅरिसनसाहेब जन्मले ते व्हर्जिनियातल्या, गुलामांच्या कष्टावर चालणाऱ्या मोठ्या जमीनदारीच्या पक्क्या विटांच्या वाड्यात. वडील त्या राज्याचे गव्हर्नर झालेले. ओहायोतले त्यांचे राहते घरही चांगले प्रशस्त होते. उलट व्हॅन ब्यूरन हे खेड्यातल्या एका खाणावळवाल्याचे चिरंजीव. पण प्रचारात झोपडी हॅरिसनच्या वाट्याला आली आणि सोन्याच्या भांड्यांत जेवणारा म्हणून बदनाम झाले ते व्हॅन ब्यूरन.

व्हिग पक्षाने त्या वर्षी जाहीरनामा काढलाच नाही. निवडून आल्यावर काय करणार, हे कुणी सांगितले नाही, आणि मिरवणुकीच्या धामधुमीत फारसे कुणी विचारलेही नाही. मतदान मात्र उदंड झाले, शंभरात ऐंशीच्या आसपास. अर्थात मताचा हक्क होता तो बहुतेक ठिकाणी गोऱ्या पुरुषांनाच. हॅरिसनना २३४ राज्यमते पडली, व्हॅन ब्यूरनना ६०.

पुढे काय झाले? ४ मार्च १८४१ रोजी हॅरिसन गादीवर बसले आणि ४ एप्रिलला वारले. उपाध्यक्ष जॉन टायलर अध्यक्ष झाले. त्यांचे आणि पक्षाचे बँकेच्या कायद्यावरून असे बिनसले की पक्षाने आपल्याच अध्यक्षाला बाहेर काढले. काय करायचे हेच आधी ठरलेले नव्हते, मग दुसरे काय होणार? झोपडी मिरवून झाली. झोपडीत राहणाऱ्याच्या हाती काही लागले नाही.

कर्जाची गाठ

साल १८९६. आता पश्चिमेकडच्या माळरानावर लाखो शेतकरी घरे वसली होती. कर्ज काढून जमीन, अवजारे घेतलेली. पण धान्याचे भाव वर्षानुवर्षे घसरत होते. त्यात तिथले चलन सोन्याशी बांधलेले. सोने थोडे म्हणून पैसा थोडा. पैसा महाग आणि माल स्वस्त.

याचा अर्थ आपल्या भाषेत असा. समजा, हजार रुपये कर्ज काढले तेव्हा शंभर पोती विकून ते फिटले असते. भाव निम्म्यावर आला की तेच कर्ज फेडायला दोनशे पोती लागतात. कागदावर कर्ज तेवढेच, पण घामाने मोजले तर दुप्पट! व्याज वेगळेच. म्हणून शेतकऱ्यांची मागणी होती की सोन्याबरोबर चांदीचीही नाणी मोकळेपणाने पाडा, म्हणजे पैसा वाढेल आणि भाव सुधारेल.

ही मागणी घेऊन डेमोक्रॅटिक पक्षातर्फे नेब्रास्का राज्याचे विल्यम जेनिंग्ज ब्रायन उभे राहिले. वय अवघे ३६. शिकागोच्या अधिवेशनात ९ जुलैला त्यांनी जे भाषण केले ते आजही सांगितले जाते. त्यांच्या म्हणण्याचा मथितार्थ असा की, शहरे जळाली आणि शेती राहिली तर शहरे पुन्हा उभी राहतील. पण शेती मोडली तर देशातल्या प्रत्येक शहराच्या रस्त्यात गवत उगवेल. शेतकऱ्यांच्या पॉप्युलिस्ट पक्षानेही त्यांनाच पाठिंबा दिला. या पक्षाच्या सभा गाजवणाऱ्यांत कॅन्सस राज्याच्या मेरी लीज या बाईही होत्या. गंमत पाहा, हजारोंना मत कुणाला द्यायचे हे सांगणाऱ्या या बाईंना स्वतःला अध्यक्षासाठी मत देता येत नव्हते. सगळ्या देशात स्त्रियांना तो हक्क मिळाला १९२० साली.

ब्रायन आगगाडीने सुमारे १८ हजार मैल फिरले. दिवसाकाठी कितीतरी भाषणे. समोर होते रिपब्लिकन पक्षाचे विल्यम मॅकिन्ले. ते कुठेच गेले नाहीत! ओहायोतल्या कॅन्टन गावी आपल्या घराच्या ओसरीवर उभे राहून ते बोलत, आणि आगगाड्या भरभरून माणसे त्यांच्या अंगणात येत. रेल्वे कंपन्यांनी भाडे कमी केले होते. त्यांचे कारभारी मार्क हॅना यांनी धनवंतांकडून सुमारे ३५ लाख डॉलर गोळा केले. ब्रायन यांच्याकडे त्याच्या पासंगालाही पुरेल एवढा पैसा नव्हता. शहरातल्या कामकऱ्याला सांगण्यात आले की, ब्रायन आले तर भाकरी महागेल आणि कारखाने बंद पडतील. शेतकरी आणि कामकरी यांची अशी फारकत झाली.

आणि आता आपल्या घरची गोष्ट. त्याच १८९६ साली हिंदुस्थानात पावसाने दगा दिला. नगर, सोलापूर, पुणे या भागांत दुष्काळाने हाहाकार उडाला. दुष्काळी कायद्याप्रमाणे सारा तहकूब होतो, तो हक्काने मागा, हे लोकमान्य टिळक ‘केसरी’तून रयतेला सांगत होते ते याच दुष्काळात. त्या काळी आपला गहू विलायतेच्या बाजारात जात असे. इथली पिके गेली, आणखी काही देशांतही गहू कमी आला, तसा अमेरिकेत ऐन निवडणुकीच्या तोंडावर गव्हाचा भाव चढला. तिथल्या काही शेतकऱ्यांना वाटले, भाव तर सुधारतोच आहे, मग चांदीचा हट्ट कशाला? ब्रायन यांच्या पराभवाची जी कारणे इतिहासकार देतात, त्यांत हे एक आहे. इकडच्या शेतकऱ्याच्या चुलीतला विस्तव विझला आणि तिकडच्या शेतकऱ्याचा राग निवला, असा हा हिशेब!

मॅकिन्ले २७१, ब्रायन १७६, असा निकाल लागला. ब्रायन पुढे १९०० आणि १९०८ सालीही हरले. पण शेतकऱ्यांनी एकदा तोंडाने बोललेला प्रश्न मेला नाही. श्रीमंतांच्या उत्पन्नावर कर बसवा, सिनेटचे सभासद थेट लोकांनी निवडावेत, या पॉप्युलिस्टांच्या मागण्या १९१३ साली घटनेत आल्या. १९१६ साली शेतीला लांब मुदतीचे कर्ज सहकारी संस्थांमार्फत देण्याचा कायदा झाला. निवडणूक हरली, पण मागणी जिंकली, असे म्हणायला हरकत नाही.

कोठाराचे उत्तर

साल १९४८. अध्यक्ष होते हॅरी ट्रुमन. तरुणपणी दहा-अकरा वर्षे मिसूरी राज्यात घरच्या शेतावर राबलेला माणूस. समोर न्यूयॉर्कचे गव्हर्नर टॉमस ड्यूई. सगळी वर्तमानपत्रे सांगत होती की ड्यूई येणार. मतचाचणी घेणाऱ्यांनी तर निवडणुकीच्या काही आठवडे आधीच लोकांना विचारणे थांबवले. निकाल ठरलाच आहे, मग विचारायचे कशाला?

तेवढ्यात सुगी आली. मका असा पिकला की विचारू नका. त्या देशात हमीभावाची रीत अशी होती की, शेतकऱ्याने माल सरकारमान्य कोठारात ठेवायचा, त्यावर हमीभावाने उचल घ्यायची. बाजार चढला तर माल विकून उचल फेडायची, नाही चढला तर माल सरकारचा. पण जून महिन्यात कायदेमंडळाने असे कलम घातले होते की, हे काम पाहणाऱ्या सरकारी महामंडळाला नवी कोठारे घेता येईनात. हमीभाव कागदावर, पण माल ठेवायला जागा नाही! मग खळ्यावरचा मका मिळेल त्या भावाने विकणे आले. भाव हमीभावाच्याही खाली गेला.

हे दुखणे ट्रुमन यांनी नेमके हेरले. १८ सप्टेंबरला आयोवा राज्यात डेक्स्टर गावी नांगरटीच्या शर्यती होत्या. तिथे जमलेल्या अफाट शेतकरी समुदायापुढे त्यांनी कोठाराची गोष्ट साध्या शब्दांत मांडली, आणि या कायदेमंडळाने शेतकऱ्याच्या पाठीत दाताळे खुपसले, अशा अर्थाचे रोखठोक बोलले. नंतर आगगाडीने गावोगाव हिंडून, मागच्या डब्याच्या सज्जावर उभे राहून हेच सांगत गेले. ड्यूई मात्र गोड आणि गोलगोल बोलत राहिले. इलिनॉय राज्यात एका ठिकाणी त्यांची गाडी थोडी मागे, गर्दीकडे सरकली, तर इंजिन चालवणाऱ्याला गोळीच घालायला हवी, असे ते सर्वांदेखत बोलून गेले. रेल्वे कामगारांनी ते विसरायचे कसे?

निकालाच्या रात्री ‘शिकागो ट्रिब्यून’ने ड्यूई जिंकले असे ठळक अक्षरांत छापूनही टाकले. सकाळी पाहतात तो ट्रुमन ३०३, ड्यूई १८९! आयोवा, विस्कॉन्सिन, ओहायो ही राज्ये चार वर्षांपूर्वी ड्यूई यांच्याकडे होती, ती या वेळी फिरली. ओहायोत तर सुमारे सात हजार मतांचाच फरक. कामगारांचा आणि शहरांतल्या कृष्णवर्णीयांचा वाटा यात मोठा होताच, पण शेतकऱ्याने हात दिला नसता तर गाडे अडले असते. आणि महत्त्वाचे म्हणजे, जून १९४९ मध्ये कायदा बदलून महामंडळाला कोठारे घेण्याची मोकळीक मिळाली. मत दिले, आणि वर्षाच्या आत कोठार मिळाले.

वाचकहो, तीन हकीकतींचा मेळ घाला. १८४० साली लोकांनी उमेदवाराची झोपडी पाहिली, काही विचारले नाही, आणि काही मिळाले नाही. १८९६ साली त्यांनी कर्जाचा प्रश्न विचारला. तेव्हा हरले, पण वीस वर्षांनी उत्तर आले. १९४८ साली प्रश्न असा नेमका होता की त्याला बगल देता येईना, म्हणून उत्तर लगेच आले.

सुगीत सगळ्यांचा माल एकदम बाजारात येतो आणि भाव कोसळतो, हे आपल्याला कुणी शिकवायला नको. माल ठेवायला जागा आणि त्यावर उचल मिळाली तर शेतकरी चार महिने थांबू शकतो. आपल्याकडेही अनेक बाजार समित्यांत शेतमाल तारण ठेवून कर्ज मिळते. आपल्या समितीत ती सोय आहे का, गोदाम किती पोत्यांचे आहे, व्याज किती, हे अजून विचारले नसेल तर येत्या बाजाराच्या दिवशी जरूर विचारा.

आणि मत मागायला कुणी दारात आले, मग ते ग्रामपंचायतीचे असो की दिल्लीचे, तर त्यांचा फेटा, गाडी आणि झोपडीच्या गोष्टी बाजूला ठेवा. घरातल्या बायामाणसांसह आधी बसून आपला प्रश्न नेमका ठरवा. मोघम प्रश्नाला मोघमच उत्तर मिळते. माल ठेवायचा कुठे, उचल कोण देणार, आणि कधी? एवढे विचारा आणि उत्तर तारखेसकट घ्या.