पगाराचे त्रैराशिक

दिवाळीच्या फराळाला आलेल्या पाहुण्याने चकलीचा पहिला तुकडा मोडता मोडता यजमानाला काय विचारावे, याचे काही संकेत आहेत. प्रकृती विचारावी, मुलांचा अभ्यास विचारावा, फार तर चकली इतकी खुसखुशीत कशी झाली ते विचारावे. पण यजमान सरकारी नोकर असला, किंवा माझ्यासारखा अनुदानित शाळेतला मास्तर असला, की हे सारे संकेत गुंडाळून ठेवले जातात. गेल्या दिवाळीत आमचे मामा आले आणि पाटावर बसण्यापूर्वीच म्हणाले, "तुमचं काय बुवा! आता आठवा आयोग! मागच्या खेपेला पगार अडीचपट झाला, आता तिप्पट होणार. चैन आहे!"

मामांचे किराणा मालाचे दुकान आहे. हिशेबाला माणूस पक्का. गल्ल्यात पाच रुपये कमी भरले तर त्यांना रात्री झोप येत नाही. असा माणूस 'अडीचपट' म्हणतो, तर बाकीच्यांचे काय सांगावे? मी हसलो आणि "लाडू घ्या" म्हणालो. पण त्या हसण्याची मला मागाहून लाज वाटली. कारण मामांना उत्तर देता येईल इतका माझा हिशेब मलाच ठाऊक नव्हता! वीस वर्षे मुलांना शेकडेवारी शिकविणाऱ्या मास्तराला स्वतःच्या पगारपत्रकावरची शेकडेवारी उलगडून सांगता येईना.

पाहुणे गेल्यावर मी कागद-पेन्सिल घेऊन बसलो. त्या रात्री जे उमगले, ते वाचकहो, तुमच्यापुढे भांडून मांडावयाचे आहे. पगाराचा हिशेब ज्याचा पगार त्याला करता आला पाहिजे, आणि ज्याच्या करातून तो पगार निघतो त्यालाही करता आला पाहिजे. हे गणित मॅट्रिकच्या पलीकडचे नाही. माझे गणित तरी कोठे त्याच्या पलीकडे गेले आहे? ते गूढ झाले आहे ते अवघड आहे म्हणून नव्हे. आपण सर्वांनी ते दुसऱ्यावर सोपवून दिले म्हणून.

आधी मामांची अडीचपट घेऊ. केंद्राचा सातवा वेतन आयोग १ जानेवारी २०१६ पासून लागू झाला. गुणक ठरला २.५७. सर्वांत खालच्या पायरीवरच्या नोकराचे मूळ वेतन ७,००० रुपये होते, ते १८,००० झाले. वर्तमानपत्रांनी मथळा दिला, मामांनी तो वाचला, आणि अडीचपट त्यांच्या डोक्यात कायमची बसली. पण त्या ७,००० वाल्याच्या हातात त्या दिवशी ७,००० पडत होते काय? छे! महागाई भत्ता त्या वेळी शेकडा १२५ होता. म्हणजे ७,००० चे मूळ वेतन, त्यावर ८,७५० चा भत्ता, एकूण १५,७५०. नव्या वेतनात हा जुना भत्ता विरघळला आणि भत्त्याच्या रकान्यात शून्य आले. आता करा वजाबाकी. अठरा हजारांतून पंधरा हजार सातशे पन्नास गेले, उरले २,२५०. शेकडा चौदा पूर्णांक एकोणतीस शतांश. कोठे अडीचपट आणि कोठे सव्वाचौदा टक्के! तेही दहा वर्षांनी. नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा!

आमच्या राज्यात तर हा वाळाही हप्त्याहप्त्याने मिळाला. सुधारित वेतनाचे नियम आले २०१९ साली. तीन वर्षांची थकबाकी पाच वार्षिक हप्त्यांत देण्याचे ठरले आणि ती हातात न पडता भविष्य निर्वाह निधीत जमा होऊ लागली. वाढ झाली नाही असे मी म्हणत नाही. ज्यांना दहा वर्षांत दमडीची वाढ नाही अशी लाखो माणसे आजूबाजूला आहेत, हे मला दिसते. पण सव्वाचौदा मिळवायचे आणि अडीचपटीचा मत्सर सोसायचा, हा व्यवहार मला परवडत नाही.

मग महागाई भत्ता म्हणजे काय? ती वाढ नव्हे, भरपाई आहे. औद्योगिक कामगारांच्या ग्राहक किमतींचा जो निर्देशांक निघतो, त्याची मागील बारा महिन्यांची सरासरी घ्यावयाची. सातव्या आयोगाने पाया धरला २६१.४२ चा. सरासरीतून हा आकडा वजा करावा, बाकीला त्याच आकड्याने भागावे, शंभराने गुणावे. झाला भत्त्याचा टक्का. अपूर्णांक आला तर तो टाकून द्यावयाचा. यात न समजण्यासारखे काय आहे? समजण्यासारखे मात्र एक आहे. सरासरी मागच्या वर्षाची. भत्ता लागू होतो जानेवारीत आणि जुलैत. आदेश निघतो त्यानंतर कित्येक आठवड्यांनी. मामा, तुमच्या दुकानातले तेल आधी चढते. माझा भत्ता मागून लंगडत येतो, आणि तुम्ही म्हणता चैन आहे!

पण माझा खरा झगडा याच्याशी नाही. मी पुढे विचारले, हे २.५७ आले कोठून? आकाशातून तर पडले नसेल. तर ते आले १८,००० ला ७,००० ने भागून. म्हणजे आधी अठरा हजार ठरले आणि मग तोच गुणक शिपायापासून वरपर्यंत सर्वांच्या जुन्या वेतनाला लावण्यात आला. मग हे अठरा हजार कसे ठरले? येथे वाचकहो, सगळा कारभार सचिवालयातून निघून आपल्या स्वयंपाकघरात येतो. म्हणून माझी घरातल्या गृहिणींना विनंती आहे की, येथून पुढचे त्यांनी अवश्य वाचावे.

१९५७ साली भारतीय श्रम परिषदेच्या पंधराव्या अधिवेशनात गरजेवर आधारलेल्या किमान वेतनाचे सूत्र ठरले. डॉ. वॉलेस अॅक्रॉइड या आहारशास्त्रज्ञाच्या मापाने दर प्रौढ माणसामागे रोज २,७०० कॅलरी. कुटुंबाला वर्षाला ७२ वार कापड. इंधन, दिवाबत्ती आणि किरकोळ खर्चासाठी वीस टक्के. सूत्र चांगले होते. मालकाला काय परवडते यापेक्षा माणसाला काय लागते हे आधी विचारणारे होते. पण कुटुंब म्हणजे कोण? कमावणारा पुरुष, त्याची बायको आणि दोन मुले. तेही चार माणसे नव्हेत, तीन 'एकके'! पुरुष एक, बायको शून्य पूर्णांक आठ दशांश, मुले प्रत्येकी सहा दशांश. बेरीज तीन. पहाटे चारला उठून ज्यांनी या दिवाळीचा फराळ केला, त्या आठ दशांश आहेत, हे त्यांना कोणी सांगितले होते काय? हे माप अन्नाचे आहे, माणसाच्या किमतीचे नव्हे, हे मला कळते. पण ते कळूनही आकडा बोचल्याशिवाय राहत नाही.

त्याहून बोचतो तो न लिहिलेला आकडा. या बेरजेत आई कोठे आहे? वडील कोठे आहेत? कोठेच नाहीत! १९५७ च्या सूत्रात नव्हते, आणि ज्या सातव्या आयोगाने हेच सूत्र हाती घेऊन अठरा हजार काढले, त्याच्या तीन एककांतही नाहीत. कोणी म्हणेल, वृद्धांना त्यांचे निवृत्तिवेतन असते. कोणाच्या वृद्धांना? ज्याचा बाप साहेब होता त्याच्या! माझ्या शाळेतल्या निम्म्या शिक्षकांचे वडील शेतमजुरी नाही तर हमाली करीत आले. घरातला पहिला पगार तो मुलाचाच.

आणि गंमत पाहा. २००७ साली याच देशाच्या संसदेने आईवडिलांच्या आणि ज्येष्ठ नागरिकांच्या निर्वाहाचा कायदा केला. आईबापांना न पोसणाऱ्या मुलाला न्यायाधिकरणापुढे उभे करता येते, त्याच्याकडून निर्वाहभत्ता वसूल करता येतो. कायदा योग्यच आहे. पण एका हाताने सरकार म्हणते, आईला सांभाळ, नाही तर याद राख. आणि दुसऱ्या हाताने पगाराचा हिशेब करताना म्हणते, आई? कोण आई? आमच्या तक्त्यात तसा रकाना नाही! एकाच देहाच्या दोन हातांची इतकी फारकत मी दुसरीकडे पाहिलेली नाही.

सणवारांचेही तसेच. १९९१ साली सर्वोच्च न्यायालयाने रॅप्टाकोस ब्रेट कंपनीच्या खटल्यात सांगितले की, मुलांचे शिक्षण, औषधपाणी, सणसमारंभ, म्हातारपणाची आणि लग्नकार्याची तरतूद यांसाठी किमान वेतनात पंचवीस टक्के धरावेत. सातव्या आयोगाने शिक्षण आणि औषधोपचार यांची सोय वेगळी आहे असे म्हणून लग्न, करमणूक, सण यांना पंधरा टक्के ठेवले. तुमच्या-आमच्या घरातली ही पणती त्या पंधरा टक्क्यांत जळते आहे!

येथवर वरचा हिशेब झाला. आता खालच्या टेबलाकडे वळू, कारण माणूस मरतो तो तेथे. आमच्या ओळखीचे एक गुरुजी निवृत्त झाले. शाल झाली, श्रीफळ झाले, भाषणे झाली. पुढे महिन्याभरात कागद आला की, सहाव्या आयोगाच्या वेळी वेतननिश्चितीत आपणास एक वेतनवाढ जादा दिली गेली. सबब अतिप्रदानाची रक्कम भरावी, तोवर निवृत्तिवेतनाचे प्रकरण पुढे जाणार नाही. महिन्याला तीनशे रुपयांची चूक धरा. तिच्यावर महागाई भत्ता, तिच्यावर घरभाडे भत्ता, दर वर्षी तिच्यावर तीन टक्के, आणि सातव्या आयोगात तिलाही २.५७ चा गुणक. पंधरा वर्षांत ती लाखाच्या पुढे जाते. गुरुजी कचेरीत गेले आणि म्हणाले, "भाऊसाहेब, ही चूक केली कोणी?" भाऊसाहेब शांतपणे म्हणाले, "गुरुजी, चूक कोणी केली ते महत्त्वाचं नाही. पैसे कोणाला मिळाले ते महत्त्वाचं."

गुरुजींनी मुलीच्या लग्नासाठी ठेवलेली ठेव मोडली आणि पैसे भरले. त्यांना कोणी सांगितलेच नाही की, १८ डिसेंबर २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पंजाब राज्य विरुद्ध रफीक मसीह या प्रकरणात स्पष्ट म्हटले आहे: तृतीय व चतुर्थ श्रेणीच्या नोकराकडून, निवृत्त झालेल्याकडून अथवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्याकडून, किंवा पाच वर्षांहून अधिक काळ चुकून दिले गेलेले, असे पैसे वसूल करता येणार नाहीत. हेही सांगितले पाहिजे की, २०१६ साली एका न्यायिक अधिकाऱ्याच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने ठरविले की, जादा रक्कम परत करीन असे वचनपत्र ज्याने लिहून दिले तो त्याला बांधलेला आहे. आणि विकल्पाच्या कागदाबरोबर असे वचनपत्र आपण काय करतो? "सर, इथं सही करा," म्हटले की करतो! मुलाच्या प्रगतिपुस्तकावर न वाचता सही करणाऱ्या पालकाला आम्ही वर्गाबाहेर उभे करून बोल लावतो. आमच्या सेवापुस्तकाचे आम्ही कसले पालक?

म्हणून माझे मागणे साधे आहे. सुधारित वेतनाचा आदेश निघेल तेव्हा त्याला शुद्ध मराठीत सोडविलेले एक उदाहरण जोडलेले असावे. प्रत्येक नोकराला त्याच्या वेतननिश्चितीचा कागद, पायरी पायरीने मांडलेला, सहीशिक्क्यानिशी हातात मिळावा. पडताळणी पथकाने सेवापुस्तक वर्ष-दोन वर्षांत तपासावे. शाल-श्रीफळ होईपर्यंत वाट पाहू नये. आणि आमच्या शाळेत नवे लागलेले शिक्षणसेवक, ज्यांना २०२३ च्या वाढीनंतरही प्राथमिकला महिना १६,००० रुपये मानधन मिळते, त्यांचे ताट कोणत्या सूत्राने मोजले तेही कोणी तरी फळ्यावर मांडून दाखवावे. केंद्राने २०१६ साली शेवटच्या पायरीला जे किमान मानले, त्याहूनही हे कमी आहे.

आठव्या आयोगाला जानेवारी २०२५ मध्ये मान्यता मिळाली. ऑक्टोबर २०२५ मध्ये त्याची कार्यकक्षा ठरली. न्यायमूर्ती रंजना देसाई अध्यक्ष झाल्या आणि अहवालाला अठरा महिन्यांची मुदत मिळाली. चौकाचौकांत गुणकाची पैज लागली आहे. दोन की तीन, अडीच की पावणेतीन? मला गुणकाचे सोयरसुतक नाही. कितीही मोठ्या आकड्याने गुणा, ज्या बेरजेत आई शून्य आहे तिचा गुणाकार शून्यच येणार. बेरीज बदला. तीनाची पाच करा.

या दिवाळीला मामा येतील. लाडवाच्या ताटलीशेजारी मी हिशेबाचा कागद ठेवणार आहे. ते दुकानदार आहेत. पाच मिनिटांत तपासतील. पलीकडे भिंतीला टेकून माझी आई देवासाठी वाती वळीत बसलेली असेल. मामांची ती थोरली बहीण. ते कागदावरून बोट फिरवीत विचारतील, "आणि अक्का कुठं आहे रे यात?"

तोच प्रश्न मला त्यांच्या तोंडून ऐकावयाचा आहे.