स्वतःचीच भूमिका

स्नेहसंमेलनांत राजा किंवा राक्षस होणें सोपें, स्वतःची भूमिका वठविणें मात्र कठीण, असें आम्हीं म्हटलें तर विद्यार्थिमित्रांस हंसूं येईल. त्यांनीं आपल्या वर्गाच्या छायाचित्राकडे एकवार पाहावें. माना ताठ, हात गुडघ्यांवर, चेहरे गंभीर ! असा वर्ग आमच्या पाहण्यांत कधीं आलेला नाहीं.

हीच कसोटी ऑस्ट्रेलियांतील टॉम क्रूझ या टपालवाल्यांस द्यावी लागली. (प्रसिद्ध अमेरिकन नट तो निराळा.) मारी ते बर्ड्सव्हिल ही सुमारें ५०० किलोमीटरांची वाट वाळवंटांतून जाते. १९३६ सालापासून ते मालमोटारींतून तेथील वस्त्यांस टपाल व सामान पोंचवीत. चाकें वाळूंत रुतलीं कीं त्यांखालीं लोखंडी पत्रे घालावयाचे, गाडी चार हात पुढें न्यावयाची, मागचे पत्रे उचलून पुन्हा पुढें टाकावयाचे. कूपर नदीस पूर आला तर माल नावेनें पलीकडे न्यावयाचा. जॉन हेयर यांच्या ‘द बॅक ऑफ बियाँड’ या अनुबोधपटांत हें सारें दिसतें. एका तेल-कंपनीसाठीं काढलेल्या या चित्रपटास १९५४ सालीं व्हेनिसच्या महोत्सवांत सर्वोच्च पारितोषिक मिळालें.

आतां, हा चित्रपट आधीं लिहून मग घेतलेला. क्रूझ यांनीं रोजचेंच काम कॅमेऱ्यापुढें पुन्हा करून दाखविलें. तेवढ्यावरून कित्येक त्यास खोटा म्हणतील. आम्ही म्हणणार नाहीं. पत्रा उचलणाऱ्या हातांस तें काम वर्षानुवर्षें ठाऊक होतें. पगारी नटास तें आठवड्यांत साधलें नसतें.

परंतु त्याच चित्रपटांत वाळवंटांत हरवलेल्या दोन लहान बहिणींची कथा आहे. शोध करणाऱ्यांस त्या सांपडत नाहींत. मग त्यांची वाटचाल आपणांस दिसते ती कोणीं टिपली ? उघडच, हा प्रसंग रचलेला. रचण्यास आमची हरकत नाहीं. पण पत्रे उचलणारा खरा माणूस आणि रचलेली वाटचाल एकाच पडद्यावर आलीं म्हणजे एकाच्या खरेपणावर दुसरी खपून जाते. मोठ्यांसही हा भेद चटकन उमगत नाहीं, मग मुलांस कसा उमगावा ? असा चित्रपट घरीं पाहतांना पालकांनीं शेजारीं बसून “हें कोणीं पाहिलें असेल ?” एवढें विचारावें. मुलें पुढचें स्वतःच शोधूं लागतात, असा आमचा अनुभव आहे.

क्रूझ यांस १९५५ सालीं ‘एम. बी. ई.’ हा किताब मिळाला, तो वाळवंटांतील लोकांच्या सेवेबद्दल. त्यांची जुनी लेलंड गाडी कित्येक वर्षें तेथेंच टाकून दिलेली होती. पुढें ती आणून दुरुस्त करण्यांत आली. १९९९ सालीं, ऐंशी वर्षें ओलांडल्यावर, ते टपाल घेऊन पुन्हा त्या वाटेनें निघाले. त्या वेळींही कॅमेरा बरोबर होताच.